शंभर हातांची शर्यत

मंडळी, उन्हाळ्याची सुट्टी लागली की मळ्यातल्या विहिरीवर केवढा गलका उठतो, हे तुम्हाला सांगायला नको. पूर्वी पोरांच्या पाठीला सुका भोपळा नाहीतर डालड्याचा रिकामा डबा बांधलेला असे. आता मोटारीची ट्यूब किंवा तेलाचा रिकामा कॅन असतो. आपल्या रावेर-यावलकडे केळीच्या खोडाचा तुकडा छातीखाली धरूनही पोरे पाण्यात उतरतात. थोडे हातपाय मारता येऊ लागले की लगेच शर्यत सुचते. एका अंगाला ओळीने उभे राहायचे, 'एक, दोन, तीन' म्हणून उडी टाकायची आणि समोरच्या दगडाला हात लावायचा. वर येताच भांडण ठरलेले. "मी आधी!" "तू कसला आधी, मी आधी!" मग काठावर बसलेल्या आजोबांना विचारायचे. आजोबा म्हणतील तो पहिला.

आता असे समजा, की शर्यतीत आजोबांचा नातू आहे. पुढे होता शेजाऱ्याचा पोरगा, पण आजोबांनी निकाल दिला नातवाच्या बाजूने. मग विहिरीवर काय होईल? जे होईल तेच १९०४ साली अमेरिकेत, ऑलिंपिकच्या सामन्यांत झाले. त्या शर्यतीची गोष्ट आज तुम्हाला सांगायची आहे. आणि तिच्या जोडीला आपल्याच महाराष्ट्रातल्या एका जवानाची गोष्ट सांगायची आहे. तो जवळजवळ तेवढेच अंतर पोहला, पण त्याच्या पायांत त्राण नव्हते.

तळ्यातले भांडण

त्या वर्षी अमेरिकेतील सेंट लुइस शहरात मोठे जागतिक प्रदर्शन भरले होते. त्याच्याच जोडीने ऑलिंपिक सामने घेण्यात आले. आज पोहण्याच्या शर्यतीला फरशी बसवलेला, दोऱ्या लावून रांगा आखलेला तलाव असतो. तेव्हा तसे काही नव्हते. प्रदर्शनाच्या आवारात एक कृत्रिम तळे केले होते, त्यातच शर्यती झाल्या. उडी मारायला पाण्यावर तरंगता तराफा होता. त्यावर पोहणारे उभे राहिले की तो डगमगे.

शर्यत होती ५० वारांची. वार म्हणजे दोन हात, हे जुन्या माणसांना ठाऊक आहे. म्हणजे शंभर हातांची शर्यत झाली. आपल्या आठ-दहा विहिरी एकीला एक लावून ठेवल्या तर होईल तेवढे अंतर. वेळ लागतो अर्ध्या मिनिटाच्या आत. तुम्ही-आम्ही सहज दम रोखून धरू शकतो, तेवढाच हा खेळ. पण त्यात चुकायला जागा नाही. लांबच्या शर्यतीत मागे पडलेला माणूस पुढे येऊ शकतो. इथे उडी चुकली की सारे चुकले.

शर्यतीत हंगेरी देशाचा झोल्टान हाल्मय होता. वय २३. समोर अमेरिकेचा स्कॉट लीरी होता. दोघेही जवळजवळ एकदमच पोहोचले. हाल्मय सुमारे फूटभर पुढे होता असे सांगतात, पण अमेरिकन पंचाने लीरी जिंकला असे म्हटले. झाले! काठावर वादावादी सुरू झाली आणि ती हातघाईवर गेली. शेवटी पंचांनी बरोबरी झाल्याचे ठरवले आणि दोघांना सांगितले, "पुन्हा पोहा."

दमलेले, चिडलेले दोघे जण पुन्हा त्या तराफ्यावर उभे राहिले. या वेळी हाल्मयने शंका राहू दिली नाही. त्याला २८ सेकंद लागले, लीरीला २८.६. परक्या मुलखात, परक्या पंचांसमोर, एकच शर्यत त्याला दोनदा जिंकावी लागली. १०० वारांची शर्यतही त्यानेच जिंकली. ऑलिंपिकमध्ये इतक्या कमी अंतराची शर्यत त्यानंतर ८४ वर्षे झाली नाही. १९८८ साली दक्षिण कोरियातील सोल इथे ५० मीटरची शर्यत सुरू झाली, ती आजही होते.

नुसत्या हातांचे बळ

हाल्मयची एक खुबी होती. तो पाय मारीत नसे. पाय नुसते मागे सोडलेले असत आणि सारे अंतर तो हातांच्या जोरावर कापी.

'फ्रीस्टाइल' म्हणजे हवे तसे पोहा. या शर्यतीत एक ठरावीक पद्धत सक्तीची नसते. म्हणून जो तो सर्वात वेगाची पद्धत शोधू लागला. हल्ली सगळे जण पालथे पडून, एकामागून एक हात पुढे टाकून आणि पाय वर-खाली झोडपीत पोहतात. ही पद्धत ऑस्ट्रेलियात विसाव्या शतकाच्या आरंभी रुजली. सॉलोमन बेटांवरून सिडनीला आलेल्या ॲलिक विकहॅम नावाच्या मुलाचे पोहणे पाहून तिथल्या लोकांनी ती उचलली, असे सांगतात. पुढे अमेरिकेच्या चार्ल्स डॅनियल्सने हातांच्या जोडीला पायांचा मारा चांगला बसवला. १९०८ साली लंडनला १०० मीटरच्या शर्यतीत त्याने हाल्मयला मागे टाकले. डॅनियल्सला लागले १ मिनिट ५.६ सेकंद, हाल्मयला १ मिनिट ६.२ सेकंद. बघा, सेंट लुइसला हाल्मय सेकंदाच्या सहा दशांशाने जिंकला होता, लंडनला तेवढ्यानेच हरला.

म्हणजे पाय लागतात तर! त्याचे कारण समजून घ्या. अंतर कापण्याचे मोठे काम हातच करतात. हात पुढे जातो, पाणी धरतो आणि अंगाला पुढे ओढतो. वल्हे मारावे तसेच. पाय थोडी ओढ देतात, पण त्यांचे महत्त्वाचे काम अंग सरळ, पाण्याच्या सपाटीला ठेवण्याचे असते. एखादा ओंडका दोर बांधून तळ्यातून ओढून बघा. सरळ तरंगत असेल तर तो सहज येतो. त्याचे मागचे टोक बुडालेले असेल तर दोर हाताला काचतो. माणसाचेही तसेच आहे. पाय खाली गेले की पाणी अडवते.

हाल्मयचे पाय धडधाकट होते. ते मारायचे की नाही हे त्याच्या मर्जीवर होते. ज्याच्या पायांत जीवच नाही, कमरेखालचे अंग ज्याला ओझ्यासारखे ओढावे लागते, त्याने शंभर हात कसे पोहावे? ते एका मराठी माणसाने करून दाखवले.

पेठचा मुरलीकांत

सांगली जिल्ह्यात पेठ नावाचे गाव आहे. पुण्याहून कोल्हापूरला जाताना वाटेत पेठ नाका लागतो, तेच. या गावचे मुरलीकांत पेटकर सैन्यात भरती झाले. ईएमई म्हणजे सैन्याची यंत्रे नि वाहने दुरुस्त करणाऱ्या दलात ते जवान होते. अंगात रग होती, मुष्टियुद्धात नाव काढले होते.

१९६५ साली पाकिस्तानशी युद्ध झाले. त्यात पेटकरांच्या अंगात अनेक गोळ्या घुसल्या. एक गोळी पाठीच्या कण्यात बसली. जीव वाचला, पण कमरेखालचे अंग लुळे पडले. विशीतला, रिंगणात उभा राहून ठोसे मारणारा गडी चाकाच्या खुर्चीला खिळला.

मंडळी, पुढचे वाचण्याआधी थोडे थांबा आणि आपल्या गावाकडे बघा. झाडावरून पडून कणा मोडलेला, मळणीयंत्रात हात गेलेला, विजेच्या तारेने पोळलेला असा एखादा माणूस तुमच्याही गावात असेल. त्याचे आपण काय करतो? ओसरीवर खाट टाकतो. दोन वेळा ताट देतो. आल्यागेल्याजवळ "बिचाऱ्याचे नशीब" म्हणून उसासा टाकतो. माया असते, नाही असे नाही. पण 'आता याच्या हातून काही होणार नाही' असे आपण सगळ्यांनी मिळून ठरवून टाकलेले असते. आणि ते रोज ऐकून त्यालाही तसेच वाटू लागते.

पेटकरांच्या वाट्याला वेगळी माणसे आली. मुंबईच्या नौदलाच्या रुग्णालयात उपचार चालू असताना त्यांना पाण्यात उतरवण्यात आले. अंगाला व्यायाम व्हावा, एवढाच हेतू. जमिनीवर ज्या अंगाचा भार हलत नाही, ते पाण्यात हलके होते. पाणी अंग उचलून धरते. पेटकरांना कळले की इथे आपण कुणाच्या आधाराशिवाय पुढे जाऊ शकतो. ठोसे मारून कमावलेले खांदे आणि दंड अजून होतेच. ते कामाला लागले.

जखमी जवानांना खेळायला लावण्याची ही कल्पना इंग्लंडमधल्या लुडविग गुटमन नावाच्या डॉक्टरांची. कण्याला मार लागलेले सैनिक खाटेवर कुजत पडतात, हे त्यांना पाहवेना. १९४८ साली लंडनला ऑलिंपिक सुरू झाले, त्याच दिवशी त्यांनी आपल्या रुग्णालयाच्या आवारात चाकाच्या खुर्चीतल्या १६ जणांची तिरंदाजीची स्पर्धा भरवली. त्या बीजाचा पुढे वृक्ष झाला. तेच आजचे पॅरालिंपिक.

आपल्या जवानाला परदेशी स्पर्धेला पाठवायचे तर पैसा हवा. क्रिकेटचे जुने नामवंत खेळाडू विजय मर्चंट तेव्हा अपंगांसाठी काम करीत होते. त्यांनी प्रवासाचा भार उचलला. १९६८ साली पेटकर इस्रायलमध्ये टेबल टेनिस खेळून आले. १९७२ साली ते जर्मनीतील हायडेलबर्गला गेले. तिथे खेळाडूंचे अपंगत्व किती आहे हे पाहून गट पाडले होते, म्हणजे सारख्यासारख्यांची शर्यत व्हावी. पेटकर आपल्या गटात ५० मीटर फ्रीस्टाइलला उतरले. आपल्या हिशेबाने हे अंतर १०९ हात.

पाय मागे नुसते ओढत येत होते. ३७.३३ सेकंदांत पेटकरांचा हात समोरच्या भिंतीला लागला. पहिला क्रमांक, सुवर्णपदक आणि त्या गटातला जागतिक विक्रम! पॅरालिंपिकमध्ये भारताला मिळालेले हे पहिलेच सुवर्ण. धडधाकट खेळाडूंच्या ऑलिंपिकमध्ये एकट्याच्या बळावर सुवर्ण मिळवणारा भारतीय आपल्याला त्यानंतर ३६ वर्षांनी दिसला, २००८ साली, नेमबाज अभिनव बिंद्रा.

उशिरा आलेला निकाल

तुम्हाला वाटेल, की मग गावोगावी मिरवणुका निघाल्या असतील, शाळेच्या पुस्तकात धडा आला असेल. तसे झाले नाही. पेटकर पुण्यात कारखान्यात नोकरीला लागले आणि देश त्यांना जवळजवळ विसरला. २०१८ साली, पदकानंतर ४६ वर्षांनी, त्यांना पद्मश्री मिळाली. २०२४ साली त्यांच्या आयुष्यावर 'चंदू चॅम्पियन' हा हिंदी चित्रपट निघाला. तो पाहून कितीतरी लोकांना पहिल्यांदा कळले, की असा माणूस आपल्यात आहे. जानेवारी २०२५ मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार देण्यात आला. तेव्हा त्यांनी वयाची ऐंशी गाठली होती.

सेंट लुइसच्या पंचांना समोर झालेले दिसले नाही. आपल्यालाही दिसले नाही. तिथे हाल्मयला पुन्हा पोहण्याची संधी मिळाली. पेटकरांच्या बाबतीत आपण निकालच ४६ वर्षे अडवून ठेवला.

पंचाच्या डोळ्याचे काम आता यंत्र करते. भिंतीत बसवलेल्या फळीला हात लागताच घड्याळ थांबते. कोल्हापूरचा वीरधवल खाडे हा आपला या शर्यतीतला नामांकित पोहणारा. २००८ साली तो बीजिंगच्या ऑलिंपिकला गेला होता, पुढे महाराष्ट्र शासनाने त्याला तहसीलदार नेमले. २०१८ च्या आशियाई सामन्यांत ५० मीटरच्या अंतिम शर्यतीत त्याला २२.४७ सेकंद लागले. तिसऱ्या आलेल्या जपानी खेळाडूला २२.४६. सेकंदाचा एक शतांश! डोळ्याची पापणी लवायलाही याच्या कितीतरी पट वेळ लागतो. खाडेचे पदक तेवढ्याने गेले. पण तिथे भांडण झाले नाही. निकाल खरा आहे हे माहीत असले की हरलेल्यालाही तो मान्य होतो.

त्याच वर्षी अपंगांच्या आशियाई स्पर्धेत सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्याचा सुयश जाधव उतरला. लहानपणी विजेच्या तारेचा धक्का बसून त्याचे दोन्ही हात कोपराच्या खाली गेले. पेटकरांना पायांचा आधार नव्हता, याला तळहात नाहीत. तो ५० मीटर फ्रीस्टाइलमध्ये तिसरा आला, आणि बटरफ्लाय या दुसऱ्या प्रकारात त्याने सुवर्णपदक आणले. २०२० च्या अर्जुन पुरस्काराच्या यादीत त्याचे नाव होते. त्याला मात्र ४६ वर्षे थांबावे लागले नाही. एवढे आपण शिकलो म्हणायचे.

काठावरच्या माणसांचे काम

आता पुन्हा आपल्या विहिरीकडे येऊ. हाल्मयच्याच देशात आल्फ्रेड हायोश नावाचा एक पोहणारा त्याच्या आधी होऊन गेला. तो १३ वर्षांचा असताना त्याचे वडील डॅन्यूब नदीत बुडून वारले. त्यानंतर या पोराने पोहणे मनावर घेतले आणि १८९६ साली, पहिल्याच ऑलिंपिकमध्ये, समुद्राच्या थंडगार पाण्यात १०० मीटरची शर्यत जिंकली. त्याची शर्यत सुरू झाली ती घरातल्या दुःखातून. आपल्याकडेही तापी, गिरणा, पांझरेच्या काठच्या किती घरांत असे दुःख येऊन गेले आहे! ते टाळणे आपल्या, म्हणजे काठावरच्या माणसांच्या हातात आहे. एवढ्या गोष्टी ध्यानात ठेवा.

पोर पोहायला शिकेल ते जाणत्या, पोहता येणाऱ्या मोठ्या माणसाच्या देखतच. ट्यूब किंवा कॅन बांधलेला आहे, या भरवशावर सोडून जाऊ नका. गाठ सुटते, हवा जाते. आणि मुलींनाही शिकवा. पाणी भरायला, धुणे धुवायला पाण्याजवळ त्याच जास्त जातात.

उन्हाळ्यात विहिरीचे पाणी खाली गेलेले असते. गेल्या वर्षी जिथे दोन पुरुष पाणी होते, तिथे यंदा छातीएवढे असेल. ठाव घेतल्याशिवाय डोके खाली करून सूर मारू देऊ नका. तळाच्या दगडावर डोके आपटले की मानेचा कणा मोडतो. पेटकरांचे पाय शत्रूच्या गोळीने गेले. आपल्या पोराचे हातपाय एका फुकटच्या उडीने जाऊ नयेत.

शेततळे हे पोहायचे ठिकाण नाही. त्याचा प्लॅस्टिकचा कागद शेवाळून गुळगुळीत होतो. पट्टीच्या पोहणाऱ्यालाही त्यावरून वर चढता येत नाही. तळ्याला कुंपण घाला, आणि गाठी मारलेला जाड दोर वर पक्का बांधून खाली पाण्यापर्यंत सोडून ठेवा. धरणातून पाणी सोडल्यावर नदीत उतरू नका. वरून शांत दिसणाऱ्या पाण्याला आत ओढ असते.

कुणी बुडत असेल तर मायेपोटी एकदम उडी टाकू नका. बुडणारा मिठी मारतो आणि दोघेही जातात. आधी दोर, बांबू, धोतर, लुगडे, जे हाताशी असेल ते टाका. बाहेर काढलेल्या माणसाचा श्वास बंद असेल तर त्याला उलटे टांगणे, गरगरा फिरवणे, पोट दाबून पाणी काढणे यात वेळ घालवू नका. सपाट जागी उताणे निजवा, तोंडाने श्वास द्या, छाती दाबणे सुरू करा आणि दुसऱ्याला १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवायला सांगा. आरोग्य केंद्रात जाल तेव्हा श्वास कसा द्यायचा, छाती कशी दाबायची, हे तिथल्या डॉक्टरांकडून एकदा बघून घ्या. ऐन वेळी शिकता येत नाही.

आणि घरात खाटेवर बसून असलेले जे माणूस आहे, त्याच्याकडे आज जरा वेगळ्या नजरेने बघा. प्रत्येकाला पाण्यात उतरवा असे मी म्हणत नाही. त्याचे कोणते अंग चालते ते बघा. हात चालतात? डोळे चालतात? हिशेब चालतो? त्याला कशात रस आहे ते त्यालाच विचारा. व्यायाम कोणता झेपेल, ते डॉक्टरांना विचारा. मग एखादे काम, एखादा खेळ त्याच्या हाती द्या आणि त्याने केलेले उघड्या डोळ्यांनी, खरेपणाने बघा. पेटकरांचे दंड त्यांचे स्वतःचे होते. पण पाण्यात उतरवणारे कुणी नसते, तिकीट काढून देणारे कुणी नसते, तर ते दंड खाटेवरच वाळून गेले असते.

यंदा सुट्टीत विहिरीवर शर्यत लागेल तेव्हा तुम्ही काठावर बसा. दोर हाताशी ठेवा. नातू हरला तर हरला म्हणा, आणि जिंकलेल्या पोराची पाठ थोपटा, मग ते कुणाचेही असो.